राजा परत आला, दोनदा: कार्ल हाब्सबुर्ग आणि हंगेरीची गादी, १९२१

पहिल्या महायुद्धात हरलेल्या बाजूचे जवळजवळ सगळे राजे १९१८ च्या शेवटी गादीवरून उतरले. जर्मनीचा कैसर विल्हेल्म हॉलंडमध्ये गेला, रीतसर राजत्याग लिहून दिला आणि डोर्नच्या बंगल्यात लाकडं तोडत बसला. बल्गेरियाचा फर्डिनांड मुलाच्या हाती राज्य देऊन कोबुर्गला निघून गेला. ऑस्ट्रिया-हंगेरीचा शेवटचा सम्राट कार्ल मात्र गादी परत घ्यायला स्वतः गेला, आणि तेही सात महिन्यांत दोनदा. मार्च १९२१ मध्ये जवळजवळ एकटा, ऑक्टोबरमध्ये राणी झिटाला घेऊन विमानाने. दोन्ही वेळा बुडापेस्टच्या अगदी जवळ पोचला. पहिल्या वेळी तर थेट राजवाड्यात जाऊन बसला, आणि तिथूनच माघारी फिरला.

ही गोष्ट सहसा दोन तऱ्हांनी सांगितली जाते. एकीत हंगेरीचा तेव्हाचा कारभारी मिक्लोश होर्टी हा निमकहराम सेनानी आहे, ज्याने आपल्या धन्याला दारातून परत पाठवलं. दुसरीत होर्टी देशाला युद्धापासून वाचवणारा शहाणा माणूस आहे आणि कार्ल भाबडा. दोन्हींत तथ्य आहे, पण मला त्या अपुऱ्या वाटतात. कागदपत्रांच्या आणि तारखांच्या क्रमाने पाहिलं तर वेगळंच काही दिसतं. कार्लचा दावा कायद्याने भक्कम होता, आणि तो भक्कम आहे म्हणून बाकीचं आपोआप होईल असं तो धरून चालला होता.

हक्क कशावर उभा होता

कार्ल २१ नोव्हेंबर १९१६ ला सम्राट झाला. वय २९. आधीचा सम्राट फ्रान्झ योसेफ याच्या पुतण्याचा तो मुलगा. साराएवोला युवराज फ्रान्झ फर्डिनांड मारला गेला म्हणून गादी त्याच्याकडे आली. ऑस्ट्रियात सम्राटाचा राज्याभिषेक करायची सक्ती नव्हती. हंगेरीत होती. तिथे डोक्यावर संत इश्तवानचा मुकुट चढल्याशिवाय राजा पुरता राजा मानला जात नसे, आणि त्याची सही कायद्याला लागत नसे. म्हणून ऐन युद्धात, ३० डिसेंबर १९१६ ला, बुडापेस्टच्या मात्याश चर्चमध्ये कार्लचा अभिषेक झाला. प्रमुख धर्मगुरू चेर्नोख आणि पंतप्रधान इश्तवान टिसा या दोघांनी मिळून मुकुट ठेवला. मग राजा घोड्यावर बसून एका लहानशा टेकाडावर चढला. राज्याच्या प्रत्येक जिल्ह्यातून माती आणून ते टेकाड रचलेलं होतं. तिथे त्याने चारी दिशांना तलवार फिरवली. अर्थ असा, की कुठूनही शत्रू आला तरी मी या भूमीचं रक्षण करीन. राज्याच्या सीमा कमी होऊ देणार नाही, ही शपथही त्याने घेतली.

कार्ल अत्यंत धार्मिक होता, आणि ही शपथ त्याच्यासाठी दरबारी सोपस्कार नव्हती. देवासमोर दिलेला शब्द माणसाच्या सहीने रद्द होत नाही, असं तो मानत असे. पुढचा सगळा प्रकार या एका समजुतीवर उभा आहे.

नोव्हेंबर १९१८ मध्ये साम्राज्य कोसळलं. ११ नोव्हेंबरला कार्लने ऑस्ट्रियाच्या राज्यकारभारातून अंग काढून घेतल्याचं जाहीर केलं. १३ नोव्हेंबरला एकार्ट्साउच्या शिकारमहालात हंगेरीच्या शिष्टमंडळासमोर तसंच पत्र सही केलं. दोन्ही कागदांत ‘कारभारात भाग घेणार नाही’ असं होतं. गादी सोडतो, असं कुठेच नव्हतं. मार्च १९१९ मध्ये स्वित्झर्लंडला जाताना ऑस्ट्रियाच्या सीमेवरच्या फेल्डकिर्खहून त्याने आधीची कबुलीही मागे घेतली. ऑस्ट्रियाने एप्रिल १९१९ मध्ये हाब्सबुर्ग कायदा करून घराण्याला हद्दपार केलं आणि मालमत्ता जप्त केली. व्हिएन्नाचा प्रश्न तिथेच मिटला.

हंगेरीचा मिटला नाही, कारण हंगेरीने मध्यंतरी भलताच प्रवास केला. आधी प्रजासत्ताक, मग मार्च ते ऑगस्ट १९१९ बेला कुनची सोव्हिएत राजवट, मग बुडापेस्टमध्ये रुमानियाचं सैन्य, आणि शेवटी १६ नोव्हेंबर १९१९ ला पांढऱ्या घोड्यावरून राजधानीत शिरलेला होर्टी. १९२० च्या पहिल्या कायद्याने प्रजासत्ताकाचे निर्णय पुसून टाकले आणि देश पुन्हा राज्य ठरवला. राजा कोण, हा मुद्दा मात्र टाळला. राजाची सत्ता १३ नोव्हेंबर १९१८ पासून बंद पडली आहे एवढंच नोंदवून तात्पुरता कारभारी नेमायचं ठरलं. १ मार्च १९२० ला संसदेने होर्टीला त्या जागेवर निवडलं, १४१ पैकी १३१ मतांनी. संसद भवनात त्या दिवशी त्याच्या पलटणीचे अधिकारी शस्त्रं घेऊन हजर होते, हेही लक्षात ठेवलेलं बरं.

म्हणजे १९२१ साली स्थिती अशी होती: सातबाऱ्यावर नाव कार्लचं आणि वहिवाट होर्टीची. खेड्यापाड्यातला कुठलाही वाचक सांगेल की असा दावा नुसता उतारा दाखवून निकाली निघत नाही.

कारभारी

होर्टी नौदलातला. फ्रान्झ योसेफचा पाच वर्षं अंगरक्षक अधिकारी होता. मे १९१७ मध्ये ओट्रांटोच्या सामुद्रधुनीतल्या लढाईत जखमी होऊनही त्याने नौका हाताळली, म्हणून नाव झालं. १९१८ च्या सुरुवातीला कार्लनेच त्याला, अनेक ज्येष्ठ अधिकाऱ्यांना डावलून, साम्राज्याच्या आरमाराचा प्रमुख केलं. ३१ ऑक्टोबर १९१८ ला कार्लच्याच हुकमावरून त्याने पोला बंदरातलं सगळं आरमार दक्षिण स्लावांच्या राष्ट्रीय समितीच्या ताब्यात दिलं. त्यानंतर व्हिएन्नाच्या शोनब्रुन राजवाड्यात राजाचा निरोप घेताना त्याच्या डोळ्यांत पाणी आलं आणि आपण महाराजांना परत गादीवर बसवल्याशिवाय स्वस्थ बसणार नाही असं तो म्हणाला, असं राजपक्षाचे लोक नंतर सांगत.

हे खरं असेलही. पण १९२० मध्ये कारभारी होताना त्याने दुसरी शपथ घेतली, देशाच्या कायद्याशी निष्ठेची. दोन शपथा एकमेकींच्या आड आल्या तर कुठली पाळायची, हा प्रश्न त्याच्यापुढे होता. त्याने नंतरची आणि जास्त सोयीची निवडली.

संसदेतही दोन तट होते. एका तटाचं म्हणणं, राजा आहेच, त्याला फक्त परत आणायचं आहे. दुसऱ्याचं म्हणणं, हाब्सबुर्गांशी नातं तुटलं, आता राष्ट्राने हवा तो राजा निवडावा. या दुसऱ्या तटात होर्टीच्या सेगेदच्या दिवसांतले (१९१९ मध्ये बेला कुनच्या विरोधकांनी त्या शहरात तळ दिला होता) तरुण अधिकारी होते आणि त्यांचा म्होरक्या ग्युला ग्योम्ब्योश. होर्टी स्वतः उघडपणे कुठल्याच तटात गेला नाही. बोलताना तो राजनिष्ठ असे. दरम्यान त्याचा मुक्काम बुडाच्या राजवाड्यात होता.

बाहेरची परिस्थितीही पाहायला हवी. जून १९२० च्या त्रियानो तहाने हंगेरीचा सुमारे दोन तृतीयांश प्रदेश गेला आणि सैन्यावर ३५,००० ची मर्यादा आली. अभिषेकाच्या टेकाडात ज्या जिल्ह्यांची माती होती, त्यातले बरेचसे आता चेकोस्लोव्हाकिया, रुमानिया आणि युगोस्लाव्हियात होते. हाब्सबुर्ग परत आला तर ते जिल्हे परत मागणार, हे या तिन्ही देशांना सांगायची गरज नव्हती. ऑगस्ट १९२० मध्ये चेकोस्लोव्हाकिया आणि युगोस्लाव्हियाने परस्पर करार केला. त्याआधीच, फेब्रुवारी १९२० मध्ये, जेत्या राष्ट्रांच्या राजदूत परिषदेने बजावलं होतं की हाब्सबुर्ग राजवट आम्हाला चालणार नाही.

ईस्टर, १९२१

मार्चच्या अखेरीला कार्लने जिनीव्हा सरोवरकाठचं प्रांजां सोडलं. खोट्या पासपोर्टावर तो स्ट्रासबुर्गहून आगगाडीने व्हिएन्नाला आला. ज्या शहरात त्याला पाय ठेवायला कायद्याने बंदी होती, तिथे एका जुन्या स्नेह्याच्या, काउंट एर्डोडीच्या, घरी त्याने रात्र काढली. दुसऱ्या दिवशी मोटारीने सीमा ओलांडून २६ मार्चच्या रात्री तो पश्चिम हंगेरीतल्या सोम्बातहेय गावी बिशप मिकेशच्या वाड्यावर येऊन थडकला. बरोबर फौज नाही, हातात कसला आराखडा नाही. राजधानीत कोणाला आगाऊ निरोप नाही.

योगायोग असा की पंतप्रधान पाल तेलेकी ईस्टरच्या सुट्टीसाठी जवळच एका सरदाराकडे उतरला होता. त्याला मध्यरात्री उठवून आणलं. तेलेकी मनाने राजपक्षाचा, पण ही वेळ नाही असं त्याचं स्पष्ट मत होतं. परत फिरा, नाहीतर बुडापेस्टला जाऊन होर्टीशी बोला, असा सल्ला मिळाला. कार्लने बुडापेस्ट निवडलं. तेलेकीने पुढे जाऊन होर्टीला कल्पना द्यायची होती, पण त्याची मोटार वाटेत रखडली आणि राजा त्याच्या आधी पोचला. मोटार खरंच बिघडली की पंतप्रधानाला त्या खोलीत हजर राहायचं नव्हतं, यावर इतिहासकारांनी पुष्कळ शाई खर्च केली आहे.

२७ मार्च, ईस्टरचा रविवार. होर्टी कुटुंबाबरोबर दुपारच्या जेवणाला बसला होता. राजा आला आहे, असं सांगत आत माणूस आला. पुढची साधारण दोन तासांची भेट दोघांचीच. तिसरा साक्षीदार नाही, आणि दोघांच्या हकिगती एकमेकींशी जुळत नाहीत.

कार्लच्या बाजूने जे पुढे आलं त्यानुसार राजाने सत्ता परत मागितली. होर्टीने बदल्यात काय मिळेल अशा अर्थाचं विचारलं आणि कार्लने सरदारकी, ड्यूकची पदवी, गोल्डन फ्लीसचा (हाब्सबुर्गांचा सर्वोच्च किताब) मान देऊ केला. होर्टीच्या म्हणण्यानुसार त्याने राजाला कळवळून सांगितलं की तुम्ही राहिलात तर शेजारी चाल करून येतील आणि उरलासुरला देशही जाईल. कार्ल म्हणाला, फ्रान्सचा पंतप्रधान ब्रियां माझ्या पाठीशी आहे, मी एकदा गादीवर बसलो की पॅरिस मान्य करील. असं आश्वासन खरोखर कितपत होतं याची होर्टीने चौकशी केली, तेव्हा ब्रियांने कानावर हात ठेवले. मला वाटतं, मधल्या माणसांमार्फत काही गोड बोलणं नक्की झालं असावं. पण यश आलं तर आपलं आणि अपयश आलं तर कुणाचंच नाही, अशा जातीची ती आश्वासनं असतात. त्यांच्या भरवशावर कार्लने सीमा ओलांडली.

भेट संपली तेव्हा दोघांच्या मनात दोन वेगळे करार होते. कार्लची समजूत, होर्टीने तयारीसाठी तीन आठवडे मागून घेतले आहेत, तोवर आपण सोम्बातहेयला थांबायचं. होर्टीची समजूत, किंवा निदान त्याने जगाला सांगितलेली समजूत, की राजा देश सोडून जातो आहे. लिहून काहीच घेतलं नव्हतं. ज्या माणसाने एकार्ट्साउच्या कागदात एकेक शब्द तोलून घातला होता, त्याने आयुष्यातली सर्वांत मोठी बोलणी तोंडी करावीत, याचं आश्चर्य वाटतं.

सोम्बातहेयला परतल्यावर कार्ल आजारी पडला आणि अंथरुणाला खिळला. तिथल्या लष्करी विभागाचा प्रमुख कर्नल आंताल लेहार (प्रसिद्ध संगीतकार फ्रान्झ लेहारचा धाकटा भाऊ) त्याच्या बाजूचा होता, पण बाकी सैन्य होर्टीचा हुकूम पाळत राहिलं. शेजारी देशांनी निर्वाणीची भाषा सुरू केली. १ एप्रिलला संसदेने ठराव करून आहे ती व्यवस्थाच उचलून धरली. ५ एप्रिलला कार्लची गाडी परत निघाली. ऑस्ट्रियातून जाताना ब्रुक स्थानकावर चिडलेल्या कामगारांच्या जमावापायी ती कित्येक तास अडकून पडली. तेलेकी पायउतार झाला आणि इश्तवान बेथलेन पंतप्रधान झाला.

इथे एक हिशेब मांडून ठेवू. मार्चच्या प्रयत्नात कार्लचं मानहानीखेरीज काहीच गेलं नव्हतं. हंगेरीच्या एकाही कायद्याने त्याला पदच्युत केलेलं नव्हतं. नवा पंतप्रधान बेथलेनही राजेशाहीचा शत्रू नव्हता. घाई करायची नाही, एवढंच त्याचं धोरण होतं. होर्टीला रोज राजनिष्ठेचं नाटक करावं लागत होतं, आणि नाटक करणाऱ्याला कधीतरी त्याची किंमत द्यावी लागते. थांबणं कार्लच्या फायद्याचं होतं.

ऑक्टोबर: दोनशे किलोमीटर

तो थांबला नाही, याला एक कारण पश्चिम हंगेरीत होतं. तहाने तो पट्टा ऑस्ट्रियाला दिला होता. हंगेरियन स्वयंसेवक तिथे बंडाळी करत होते, आणि १३ ऑक्टोबर १९२१ ला व्हेनिसमध्ये तडजोड होऊन शोप्रोन शहर आणि आसपासच्या गावांपुरतं सार्वमत ठरलं. आता तिथल्या तुकड्या हलवल्या जाणार होत्या. त्यातली मेजर ओस्टेनबुर्गची बटालियन कार्लला मानणारी होती. ती पांगली की हाताशी काहीच उरत नव्हतं.

२० ऑक्टोबरला कार्ल आणि झिटा झ्युरिकजवळच्या ड्युबेनडोर्फहून जुंकर्स बनावटीच्या छोट्या विमानात बसले. दोघांच्या लग्नाला दुसऱ्या दिवशी दहा वर्षं होणार होती. सात मुलं स्वित्झर्लंडमध्ये मागे ठेवलेली, आठवं पोटात. त्या काळात असं विमान म्हणजे जिवावरचा खेळ. ते पश्चिम हंगेरीत देनेशफा इथे काउंट त्सिराकीच्या शेतात उतरलं. ठरलेला निरोप वेळेवर पोचला नसल्याने तिथे कुणी तयारीत नव्हतं. तिथून मोटारीने शोप्रोन. लेहार आणि ओस्टेनबुर्ग हजर. एक सरकारही लगोलग बनलं: पंतप्रधान राकोव्स्की, परराष्ट्रमंत्री आंद्राशी, संरक्षण लेहारकडे.

२१ ऑक्टोबरच्या रात्री सैनिकांनी भरलेल्या गाड्या बुडापेस्टच्या दिशेने निघाल्या. अंतर रुळांनी सुमारे दोनशे किलोमीटर. साध्या गाडीलाही हा प्रवास काही तासांचा. त्या वेळी बुडापेस्टमध्ये होर्टीकडे खात्रीचं सैन्य फारच थोडं होतं. राजधानीतल्या पलटणी राजावर गोळी झाडतील की नाही, हे त्यांच्या अधिकाऱ्यांनाही सांगता येत नव्हतं. २२ तारखेला सकाळी ओस्टेनबुर्गची माणसं राजधानीच्या स्थानकात उतरली असती, तर बहुधा एकही गोळी न झाडता राजवाडा हाती आला असता.

गाड्या पोचल्या रविवारी, २३ तारखेला सकाळी.

मधल्या दीड दिवसात काय चाललं होतं? वाटेतल्या प्रत्येक मोठ्या स्थानकावर गाडी थांबत होती. गावकरी जमत, बँड वाजे, मुली फुलं देत, स्थानिक पलटण रांगेत उभी राही आणि राजाशी निष्ठेची शपथ घेई. मग पुढचं स्थानक. ग्योर, कोमारोम, सगळीकडे हेच. काही ठिकाणी सरकारने रूळ उखडले होते, ते दुरुस्त करण्यातही वेळ गेला. रविवारी सकाळी राजधानीच्या वेशीवर आल्यावर गाडीशेजारी उघड्यावर प्रार्थना झाली. राजा आणि राणी गुडघे टेकून बसले.

कार्लची बाजू घेणारे म्हणतात, त्याला ही स्वारी नव्हती, मिरवणूक होती. आपल्या राज्यात राजा परत येतो आहे, तो चोरासारखा रात्री का घुसेल? हे अगदी खरं आहे, आणि मला वाटतं या प्रकरणाचं सगळं मर्म इथेच आहे. प्रत्येक स्थानकावरची शपथ हक्क आणखी पक्का करत होती. पण हक्क आधीच पक्का होता. कमी होते ते तास, आणि नेमके तेच खर्ची पडत होते. निष्ठेच्या शपथेवर एवढा भरवसा टाकणाऱ्याने होर्टीचं उदाहरण सात महिन्यांपूर्वीच पाहिलेलं होतं, हे विशेष.

होर्टी आणि बेथलेनने तो वेळ वाया घालवला नाही. कारभार माझ्याच हाती आहे, असं होर्टीने सैन्याला बजावलं. ग्योम्ब्योशने विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांच्या हाती बंदुका दिल्या. त्यांतल्या अनेकांना समोर कोण आहे हेही धड सांगितलेलं नव्हतं. चेक फौजा आल्यात, अशी आवई उठवून देण्यात आली होती. ब्रिटन, फ्रान्स आणि इटलीच्या प्रतिनिधींनी सरकारला लेखी इशारा दिला. प्रागमध्ये चेकोस्लोव्हाकियाचा पंतप्रधान बेनेश याने फौजेची जमवाजमव पुकारली, युगोस्लाव्हियाची राजधानी बेलग्रेडही मागे नव्हती.

कार्लच्या फौजेचा प्रमुख नेमलेला जनरल हेगेद्युश बोलणी करायला म्हणून बुडापेस्टला गेला. ब्रिटिश प्रतिनिधी होलरने त्याला महासत्तांचा विरोध किती पक्का आहे ते ऐकवलं. परत आला तो मन पालटूनच. मग लेहारकडे सूत्रं गेली, पण तोवर उपनगरात बुडाऑर्शजवळ विद्यार्थ्यांशी चकमक झडली होती. लढाई म्हणावी एवढी ती मोठी नव्हती. मृतांचा आकडा वीसच्या आसपास. परिणामाच्या मानाने ती केवढी निर्णायक ठरली! राजाच्या नावाने रक्त सांडलं, आणि ‘राजा आला म्हणजे यादवी’ हे सरकारचं म्हणणं एका दुपारीत खरं ठरलं.

रात्री शस्त्रसंधी ठरली. सरकारी तुकड्यांनी त्या रात्रीचा उपयोग जागा धरायला केला. सकाळी अटी आल्या: शस्त्रं ठेवा, राजत्याग लिहून द्या. लेहार आणि ओस्टेनबुर्ग अजून लढायला तयार होते. कार्लने त्यांना थांबवलं. आपल्यासाठी आणखी कुणी मरू नये, असं त्याने सांगितलं आणि गाडी मागे फिरवली. याबाबत त्याला दोष देणं मला जमत नाही. तास वाया घालवणारा कार्ल आणि गोळीबार थांबवणारा कार्ल, हे एकाच स्वभावाचे दोन भाग होते. हाच माणूस १९१७ मध्ये, मेहुणा सिक्स्टसच्या हातून फ्रान्सला गुप्त पत्रं धाडून, आपल्या मित्रराष्ट्राच्या पाठीमागे तहाचा प्रयत्न करून बसला होता. त्यातही हेतू चांगला होता आणि पुढची तजवीज शून्य.

तिहान्य ते फुंशाल

ताता इथल्या एस्टरहाझींच्या वाड्यात राजाराणीला ताब्यात घेतलं गेलं आणि बालाटोन सरोवराकाठी तिहान्यच्या बेनेडिक्टाइन मठात ठेवलं गेलं. मठ अकराव्या शतकातला, राजा पहिल्या आंद्राशने स्थापलेला. त्याची कबरही तिथेच आहे. त्याच छताखाली कार्लवर राजत्यागासाठी दबाव आला. त्याने नकार दिला.

१ नोव्हेंबरला बाया बंदरात ब्रिटिशांच्या ग्लोवर्म या नदीतल्या युद्धनौकेवर त्यांना चढवलं. डॅन्यूबने खाली, मध्ये पाणी कमी म्हणून रुमानियातून आगगाडी, मग कार्डिफ ही क्रूझर, आणि १९ नोव्हेंबरला अटलांटिकमधल्या मदैरा बेटावरचं फुंशाल. प्रजासत्ताक पोर्तुगालच्या बेटावर हाब्सबुर्गांचा शेवटचा अभिषिक्त राजा.

तिथे पैसे लवकरच संपले. मोठं हॉटेल सोडून कुटुंब डोंगरावरच्या मोंते इथल्या एका बंगल्यात गेलं. हिवाळ्यात तिथे कायम धुकं आणि ओल. मार्च १९२२ मध्ये कार्ल गारठ्यात मुलाच्या वाढदिवसासाठी खेळणं आणायला खाली शहरात चालत गेला, सर्दी झाली, तिचा न्यूमोनिया झाला. १ एप्रिलला तो गेला. वय ३४. झिटाने त्यानंतर ६७ वर्षं काळी वस्त्रं घातली. १९८९ मध्ये, ९६ व्या वर्षी, ती गेल्यावर व्हिएन्नाने तिला सम्राज्ञीच्या इतमामाने, हाब्सबुर्गांच्या कबरी असलेल्या कापुचिन तळघरात पोचवलं. कार्ल अजून मोंतेच्या चर्चमध्येच आहे. २००४ मध्ये पोप जॉन पॉल दुसरे यांनी त्याला धन्य (संतपदाच्या आधीची पायरी) घोषित केलं.

झिटाबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. नवऱ्याला भरीस घालणारी महत्त्वाकांक्षी बाई, असं तिचं चित्र त्या काळच्या वर्तमानपत्रांनी रंगवलं, आणि अजूनही ते फिरतं. ती ठाम होती यात शंका नाही. पण मार्चमध्ये ती बरोबर नव्हती आणि तो प्रयत्न तर दोन्हींत जास्त कच्चा होता. गफलती कार्लच्या होत्या. खापर बायकोवर फोडायची सवय सगळ्याच देशांत आहे.

जिंकला असता तर?

समजा, २२ तारखेला कार्ल राजवाड्यात पोचला असता. दुसऱ्या दिवशी त्याच्यापुढे काय होतं? तहाने ३५,००० वर बांधलेलं सैन्य, जमवाजमव करणारे शेजारी, विरोधात असलेल्या महासत्ता आणि पॅरिसहून येणारं मौन. झालेली गोष्ट जग स्वीकारतं, हा त्याचा आडाखा सर्वस्वी चुकीचा नव्हता. पण ते निदान काही आठवडे टिकून राहिलेल्या गोष्टी स्वीकारतं. कार्लचा विचार राजवाड्याच्या दारापर्यंत जात होता. आत गेल्यावर कोणत्या देशाला काय द्यायचं, कोणता जिल्हा विसरायचा, याबद्दल तो काही ठरवूही शकत नव्हता, कारण अभिषेकाची शपथ सीमा सोडू देत नव्हती. ज्या शपथेने त्याला हक्क दिला, तिनेच तडजोडीचे दरवाजे बंद केले होते.

होर्टीचं काय? शेजाऱ्यांच्या चढाईची त्याची भीती खरी होती, ऑक्टोबरच्या जमवाजमवीने ते दाखवून दिलं. आणि ती भीती त्याच्या खुर्चीला सोयीची होती, हेही तितकंच खरं. लोक यातलं एकच निवडायला जातात, म्हणून वाद संपत नाही.

खरा तोटा कायद्याच्या पुस्तकात झाला. शेजाऱ्यांच्या दडपणाखाली ६ नोव्हेंबर १९२१ ला संसदेने १९२१ चा ४७ वा कायदा मंजूर केला. चौथ्या कार्लचे (हंगेरीचा राजा म्हणून कार्लचं नाव) राजपदाचे हक्क संपले, हाब्सबुर्ग घराण्याचा वारसा ठरवणारा अठराव्या शतकातला कायदा रद्द झाला, राजा निवडायचा अधिकार राष्ट्राकडे परत आला, आणि देश राज्यच राहील पण राजा निवडणं पुढे ढकललं आहे, असं त्यात लिहिलं गेलं. मार्चनंतरही शाबूत राहिलेला दावा ऑक्टोबरने बुडवला. होर्टीला जे मागायचं धाडस झालं नसतं, ते कार्लच्या दुसऱ्या प्रयत्नाने त्याच्या हाती आयतं आलं.

ढकललेली निवड पुढेही झाली नाही. ग्योम्ब्योश १९३२ मध्ये पंतप्रधान झाला. होर्टी ऑक्टोबर १९४४ पर्यंत कारभारी राहिला. जर्मनांनी त्याला उचलून नेलं, आणि आयुष्याची शेवटची वर्षं त्याने पोर्तुगालमध्येच, एश्तोरिलला काढली. हंगेरीचं राज्य कागदोपत्री संपलं १ फेब्रुवारी १९४६ ला, प्रजासत्ताकाच्या घोषणेने.